आरोपीचा वकील उशिरा आला

धुळ्याच्या किंवा जळगावच्या जिल्हा न्यायालयात एखाद्या दिवशी सेशन कोर्टाच्या मागच्या बाकावर जाऊन बसावे. पुकारा होतो, साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहून शपथ घेतो. सरकारी वकील त्याची सरतपासणी घेतात. मग बचावाचे वकील उठतात आणि उलटतपासणी सुरू होते. तेव्हा दिवा होता का? तुम्ही किती अंतरावर होता? पोलिसांनी जबाब त्याच दिवशी घेतला की चार दिवसांनी? पंचनाम्यावर सही कुठे केली, घटनास्थळी की पोलीस ठाण्यात? न्यायाधीश बहुतेक वेळ ऐकतात, नोंदवून घेतात, मध्येच एखादा प्रश्न विचारतात. सगळ्यांत गप्प असतो तो आरोपी. ज्याच्या आयुष्याचा निकाल लागायचा आहे, त्याचा आवाज खटल्यात जवळजवळ ऐकूच येत नाही.

ही पद्धत आपल्या इतकी अंगवळणी पडली आहे की खटला म्हटला की तो असाच चालायचा, असे आपण धरून चालतो. पण तीनशे वर्षांपूर्वी, ज्या इंग्लंडमधून ही पद्धत आपल्याकडे आली तिथेही ती नव्हती. तिथल्या कोर्टात गंभीर गुन्ह्यातला आरोपी एकटाच बोलत असे आणि त्याच्या बाजूने उभा राहणारा वकील कायद्यालाच मान्य नव्हता. दोन वकील आमनेसामने, मध्ये निःपक्ष न्यायाधीश, हे चित्र हळूहळू तयार झाले. त्यात फिर्यादीच्या बाजूची जागा आधी भरली, आरोपीच्या बाजूची फार उशिरा. खानदेशात या इतिहासाच्या खुणा पावलोपावली सापडतात.

दिव्य आणि ज्यूरी

पुरावा अपुरा असेल तर खरे-खोटे ठरवायचे कसे, हा प्रश्न सगळ्या समाजांना पडला. मराठेशाहीत पंचायत बसे, गोतसभा भरे, कागदपत्रे आणि साक्षी पाहिल्या जात. तरीही निवाडा होईना तर दिव्याचा मार्ग होता. रवादिव्यात कढत तेलातून किंवा तुपातून धातूचा तुकडा हाताने बाहेर काढायचा. नंतर हात पिशवीत बांधून त्यावर मोहोर करायची आणि ठरल्या दिवशी उघडून पाहायचा. हात बिनडागी राहिला तर माणूस खरा. वतनाच्या भांडणांत या दिव्यांची नोंद पुष्कळ आढळते.

युरोपातही तापलेल्या लोखंडाची आणि पाण्याची दिव्ये होती. १२१५ साली रोमच्या लॅटरन धर्मपरिषदेने धर्मगुरूंना त्यांत भाग घ्यायला मनाई केली आणि देवाचा कौल मागण्याची सोय संपली. मग युरोप खंडात न्यायाधीशानेच चौकशी करायची, कबुली आणि कागदपत्रे जमवायची, अशी पद्धत वाढली. फ्रान्समधल्या तपास करणाऱ्या न्यायाधीशाचे मूळ तिथे आहे. इंग्लंडने दुसरी वाट धरली. परिसरातली बारा माणसे बसवून त्यांच्याकडून दोषी की निर्दोष एवढा कौल घ्यायचा, ती ज्यूरी. पण ज्यूरी आली म्हणजे वकील आला असे झाले नाही.

वकिलाविना खटला

सतराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये खून, दरोडा, मोठी चोरी या गुन्ह्यांत, म्हणजे जिथे गळ्याला दोर लागायचा तिथेच, आरोपीला वस्तुस्थितीवर बोलायला वकील देता येत नसे. किरकोळ गुन्ह्यात वकील चाले, फाशीच्या गुन्ह्यात चालत नसे. याचे समर्थन दोन प्रकारे होई. निर्दोष माणसाला खरे सांगायला वकील कशाला हवा? आणि न्यायाधीश आहेतच की आरोपीची काळजी घ्यायला! त्यामुळे फिर्यादी आणि आरोपी यांची समोरासमोर बाचाबाची म्हणजेच खटला. तुरुंगातून थेट आणलेला, साक्षीदार जमवायला सवड न मिळालेला, बहुधा निरक्षर माणूस स्वतःच स्वतःचा बचाव करी. अनेक खटले अर्ध्या तासातही उरकत.

पहिली फट पडली ती बड्या लोकांसाठी. १६७८ नंतर टायटस ओट्स नावाच्या माणसाच्या खोट्या साक्षीवर राजद्रोहाच्या आरोपाखाली अनेकांना फासावर चढवले गेले. तेव्हा पिंजऱ्यात सरदार आणि राजकारणी उभे होते. सत्ता पालटल्यावर त्यांनी १६९६ साली कायदा करून घेतला की राजद्रोहाच्या आरोपीला वकील आणि आरोपपत्राची प्रत मिळेल. चोराला आणि दरोडेखोराला मात्र काहीच मिळाले नाही.

त्यांच्यासाठी दार उघडले ते फिर्यादीच्या बाजूने केलेल्या अतिरेकामुळे. इंग्लंडमध्ये तेव्हा आजच्यासारखे पोलीस दल नव्हते. १६९२ च्या कायद्याने वाटमाऱ्याला शिक्षा लावून देणाऱ्यास ४० पौंडांचे बक्षीस ठेवले. त्या काळी ही रक्कम मोठी होती आणि गुन्हेगार पकडून देणे हा धंदा झाला. लंडनचा जोनाथन वाइल्ड एका हाताने चोर पोसत होता आणि दुसऱ्या हाताने त्यांना फासावर देत होता. १७२५ साली तोही फासावर गेला. १७५४ मध्ये मॅकडॅनियल टोळी उघड झाली. ही माणसे बक्षिसासाठी निरपराधांना खोट्या दरोड्यात अडकवत होती. शिवाय टोळीतल्याच एकाला माफीचा साक्षीदार करून बाकीच्यांना फाशी देण्याची रीत होतीच. फिर्यादीकडून सॉलिसिटर आणि वकीलही दिसू लागले होते.

साक्षीलाच बाजारभाव आल्यावर आपण एकटे आरोपीची काळजी घेऊ शकत नाही, हे न्यायाधीशांना कळून चुकले. १७३० च्या दशकात त्यांनी, कोणताही कायदा न बदलता, आरोपीच्या वकिलाला साक्षीदारांची उलटतपासणी घेऊ द्यायला सुरुवात केली. ज्यूरीसमोर भाषण करायला मनाई कायम होती. फक्त प्रश्न विचारायचे. पण तेवढ्या फटीतून सगळी पद्धत बदलली. वकील बोलू लागला तसा आरोपी गप्प बसू शकला. सिद्ध करण्याचे ओझे फिर्यादीवर सरकले. माफीच्या साक्षीदाराच्या शब्दाला दुसऱ्या पुराव्याचा आधार हवा, धाक किंवा लालूच दाखवून मिळवलेली कबुली चालणार नाही, ऐकीव गोष्ट पुरावा नाही, हे नियम याच काळात घट्ट होत गेले. आजही आपल्या कोर्टात माफीच्या साक्षीदाराच्या साक्षीला जोड मागतात, त्यामागे ते ४० पौंड आहेत.

१७८३ साली वकिली सुरू केलेला विल्यम गॅरो हा लंडनच्या ओल्ड बेली कोर्टातला उलटतपासणीचा वस्ताद. बक्षिसाच्या आशेने आलेल्या साक्षीदाराला तो आधी बक्षिसाबद्दलच विचारी. दोष सिद्ध होईपर्यंत प्रत्येक माणूस निर्दोष मानला पाहिजे, हे तत्त्व त्याने १७९१ मध्ये एका खुनाच्या खटल्यात स्पष्ट शब्दांत मांडले. पण आरोपीच्या वकिलाला ज्यूरीपुढे पूर्ण बाजू मांडण्याचा हक्क कायद्याने मिळाला तो १८३६ साली. सिद्धतेचे ओझे अखेरपर्यंत सरकार पक्षावरच राहते, हे इंग्लंडच्या सर्वोच्च पीठाने निःसंदिग्धपणे सांगितले ते तर १९३५ मध्ये, वूलमिंग्टनच्या खटल्यात.

कलेक्टर तोच न्यायाधीश

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि खानदेश कंपनीकडे आला. कॅप्टन जॉन ब्रिग्ज पहिला अधिकारी म्हणून आला आणि त्याने मुंबई-आग्रा रस्त्यावरचे धुळे आपले ठाणे केले. महसूल, पोलीस आणि फौजदारी न्याय हे सगळे त्याच्या हातात एकवटले होते. १८२७ च्या एल्फिन्स्टन कोडने मुंबई इलाख्याला गुन्हे आणि शिक्षा यांचा लेखी कायदा दिला. बंगालमध्ये इस्लामी फौजदारी कायदा थोड्याफार फरकाने चालूच असताना मुंबईत ही वेगळी संहिता आली, ही त्या काळी मोठी गोष्ट होती. जिल्हा न्यायाधीश वेगळा झाला तरी कलेक्टर, प्रांत आणि मामलेदार यांच्याकडचे मॅजिस्ट्रेटचे अधिकार पुढे सव्वाशे वर्षे टिकले. ते वेगळे करणारा मुंबई राज्याचा कायदा १९५१ सालचा आहे. ज्याच्या हाताखाली पोलीस, त्याच्याच पुढे पोलिसांनी पकडलेला माणूस!

बंडाच्या वेळी तर एवढेही सोपस्कार उरले नाहीत. ११ एप्रिल १८५८ रोजी सातपुड्यात अंबापाणी येथे उठाव करणाऱ्या भिल्लांशी इंग्रज फौजेची लढाई झाली. पकडलेल्या अनेकांना जागेवरच लष्करी न्यायालय भरवून गोळ्या घालण्यात आल्या.

त्यानंतरच्या पंधरा वर्षांत देशाचा फौजदारी कायदा उभा राहिला. १८६० ची दंडसंहिता, १८६१ ची फौजदारी प्रक्रिया संहिता, १८७२ चा पुरावा कायदा. हे कायदे करणाऱ्यांनी इंग्लंडची पद्धत जशीच्या तशी उचलली नाही. पोलीस कबुली कशी काढतात हे त्यांना ठाऊक होते. १८५५ साली मद्रासमधल्या चौकशी आयोगाने सरकारी छळाचे प्रकार नोंदवले होते. म्हणून पोलिसांपुढची कबुली धाकाने दिलेली असो वा राजीखुशीने, आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालणार नाही, असा नियम केला. इंग्लंडपेक्षाही तो कडक होता. आरोपीच्या सांगण्यावरून काही वस्तू सापडली तर तेवढाच भाग चालतो. सेशन केसमध्ये हत्यार काढून दिल्याच्या पंचनाम्यावर दोन्ही वकील तासन्‌तास झुंजतात ते यामुळे. दुसरीकडे न्यायाधीशाला निव्वळ प्रेक्षक ठेवले नाही. सत्य काढण्यासाठी तो कोणत्याही साक्षीदाराला कोणताही प्रश्न विचारू शकतो, ही १८७२ ची तरतूद आजच्या साक्ष अधिनियमातही आहे.

ज्यूरी मुंबई शहरात आणि मोजक्या जिल्ह्यांत बसे. बाकी ठिकाणी न्यायाधीशाशेजारी असेसर बसत आणि त्यांचे मत न्यायाधीशावर बंधनकारक नसे. असेसर १९५५ च्या दुरुस्तीने गेले. ज्यूरी १९५९ च्या नानावटी खटल्यानंतर उतरणीला लागली आणि १९७३ च्या संहितेतून कायमची बाद झाली.

बचावाला उभे राहणारे

कायद्यात जागा झाली तरी ती भरायला माणसे लागतात. १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडके यांच्या बंडाने सरकार हादरले. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्याविषयीही संशय आला आणि त्यांची बदली झाली ती आपल्या धुळ्याला. त्यांची पत्रे इथे फोडून वाचली जात. त्याच वर्षी पुण्यात फडक्यांवर खटला उभा राहिला, तेव्हा त्यांचे वकीलपत्र घेतले गणेश वासुदेव जोशी यांनी, म्हणजे सार्वजनिक काकांनी. सरकारच्या डोळ्यांवर येऊन हे काम करायला धैर्य लागत होते. फडक्यांना जन्मठेप झाली, पण पुराव्याची तपासणी उघड न्यायालयात झाली. अंबापाणी आणि पुणे यांच्यात जेमतेम एकवीस वर्षांचे अंतर होते.

वकील आपले काम करतो, त्यावरून त्याचे मत ओळखू नये, हेही याच काळात महाराष्ट्राने पाहिले. १८९७ मध्ये टिळकांच्या जामिनासाठी दिनशा दावर हे बॅरिस्टर म्हणून लढले. १९०८ मध्ये तेच न्यायमूर्ती दावर टिळकांना सहा वर्षांची शिक्षा सुनावत होते.

३१ जुलै १९३७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर एका खटल्याच्या कामासाठी धुळ्याला आले आणि लळिंग किल्ल्याजवळच्या लांडोर बंगल्यात थांबले. दरवर्षी त्या दिवशी तिथे लोक जमतात ते आदरांजलीसाठी. पण बाबासाहेब वकील म्हणून आले होते, हेही त्या दिवशी आठवावे. पुण्यात ‘देशाचे दुश्मन’ पुस्तकाच्या खटल्यात जेधे-जवळकरांच्या बाजूने, मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’च्या खटल्यात र. धों. कर्वे यांच्या बाजूने ते उभे राहिले होते. बहुमताला न आवडणाऱ्याचा वकील होणे म्हणजे काय, हे त्यांच्याइतके कुणाला कळणार?

आणि त्याच राज्यात काही माणसांसाठी निर्दोषत्वाचे गृहीतक लागूच नव्हते. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा १९११ पासून मुंबई इलाख्यातही आला. पारध्यांसारख्या जमातीत जन्मलेला माणूस जन्मतःच संशयित ठरे आणि हजेरी लावत फिरे. जमातीला गुन्हेगार ठरवणाऱ्या अधिसूचनेला कोर्टात आव्हान देण्याची सोयच मूळ कायद्याने बंद केली होती. देशभरात हा कायदा १९५२ मध्ये रद्द झाला, संशय मात्र पोलीस ठाण्यांतून पुरता गेलेला नाही.

एक सरकारी वकील, तीन आरोपी

या पद्धतीची आपल्या काळातली सर्वांत कठीण परीक्षा झाली ती २६/११ च्या मुंबई हल्ल्याच्या खटल्यात. सरकार पक्षाकडून उभे होते जळगावचे उज्ज्वल निकम. जळगावच्या मणियार लॉ कॉलेजात शिकलेले, तिथेच जिल्हा सरकारी वकील झालेले. बचावाला मात्र कुणी मिळेना. मार्च २००९ मध्ये न्यायालयाने अंजली वाघमारे यांना हल्लेखोर अजमल कसाबचे वकील नेमले तेव्हा त्यांच्या घरावर दगडफेक झाली. पुढे अब्बास काझमी आणि नंतर के. पी. पवार यांनी बाजू मांडली. कसाबला फाशी झाली आणि सर्वोच्च न्यायालयाने २९ ऑगस्ट २०१२ रोजी ती कायम केली.

पण त्याच खटल्यात आणखी दोन आरोपी होते, फहीम अन्सारी आणि सबाउद्दीन अहमद. हल्ल्याच्या जागांचे हाताने काढलेले नकाशे त्यांनी पुरवले, असा आरोप होता. मेलेल्या दहशतवाद्याच्या खिशात सापडला म्हणून जो नकाशा दाखवला गेला, तो स्वच्छ होता. कपडे रक्ताने भिजलेले आणि खिशातल्या कागदावर डाग नाही, हे कसे? अन्सारीचे वकील शाहिद आझमी यांची ११ फेब्रुवारी २०१० रोजी मुंबईत त्यांच्या कार्यालयातच गोळ्या घालून हत्या झाली, पण बचाव थांबला नाही. दोघेही निर्दोष सुटले आणि ती सुटका सर्वोच्च न्यायालयापर्यंत टिकली. संतापाने पेटलेल्या देशात, त्याच न्यायाधीशासमोर, त्याच सरकारी वकिलाच्या युक्तिवादानंतर. नकाशा बघून हा प्रश्न विचारणारा कुणी नसता तर?

कसाबच्या निकालातच सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, आरोपीला पहिल्यांदा मॅजिस्ट्रेटपुढे उभे केले की तुला वकिलाचा हक्क आहे आणि पैसे नसतील तर सरकारी खर्चाने वकील मिळेल, हे त्याला सांगणे मॅजिस्ट्रेटचे कर्तव्य आहे. अमुक आरोपीचे वकीलपत्र घ्यायचे नाही, असे वकील संघांचे ठराव बेकायदा आहेत, हेही त्याच न्यायालयाने २०१० मध्ये बजावले होते.

कमकुवत बाजू कोणती?

आपल्याकडे एखादा भयंकर गुन्हा घडला की मोर्चा निघतो आणि मागण्या ठरलेल्या असतात: खटला फास्ट ट्रॅकवर चालवा, विशेष सरकारी वकील नेमा. त्यात गैर काही नाही. दुबळ्या फिर्यादीला चांगला वकील हवाच. पण सरकारी वकील हा फिर्यादीचा सूड घेणारा नसतो. सगळा पुरावा, आरोपीच्या सोयीचासुद्धा, न्यायालयापुढे ठेवणे हे त्याचे काम, असे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. कसाबने तुरुंगात बिर्याणी मागितल्याची गोष्ट आपणच रचली होती, असे निकम यांनी २०१५ मध्ये जयपूरच्या परिषदेत सांगितले. खटला कोर्टाबाहेरही लढला जातो, याची ही कबुलीच म्हणायची.

ज्याच्या खिशात पैसा आहे, त्याला बचाव मिळतो. जळगावच्या घरकुल प्रकरणात २००६ मध्ये फिर्याद झाली. धुळ्याच्या विशेष न्यायालयाने ३१ ऑगस्ट २०१९ रोजी माजी मंत्री सुरेश जैन यांच्यासह ४८ जणांना दोषी ठरवले. त्यावरची अपिले उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे गेली. प्रत्येक टप्प्यावर दोन्हीकडून नामांकित वकील होते, तेरा वर्षे कायद्याचा कीस पडला. शिरपूर किंवा चोपड्याच्या पाड्यावरून चोरीच्या संशयात उचललेल्या पावरा मजुराच्या वाट्याला असा बचाव येईल का?

आखाड्यात पंच कितीही प्रामाणिक असला तरी एका बाजूला हिंदकेसरी आणि दुसऱ्या बाजूला उपाशी पोर उतरवले, तर ती कुस्ती नव्हे. २००३ साली मळीमठ समितीने युरोपसारखी न्यायाधीशाला अधिक अधिकार देणारी पद्धत काही अंशी घ्यावी, असे सुचवले होते. ती चर्चा व्हावी. पण आपली अडचण पद्धत दोन बाजूंची आहे ही नाही. दुसरी बाजू अनेकदा नुसती कागदावर असते, ही आहे.

कायद्याने ती भरून काढायचा प्रयत्न केला आहे. १९७६ मध्ये मोफत कायदेविषयक साहाय्य घटनेच्या ३९-अ अनुच्छेदात आले. १९८७ चा विधी सेवा प्राधिकरण कायदा आला. १८९८ च्या संहितेत वकिलाकरवी बचावाचा हक्क ३४० व्या कलमात होता, १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेतही तो योगायोगाने ३४० व्याच कलमात आहे. त्यापुढचे ३४१ वे कलम गरीब आरोपीला सरकारी खर्चाने वकील देते. अलीकडे जिल्ह्याजिल्ह्यांत लोक अभिरक्षक कार्यालये सुरू झाली आहेत. तिथले वकील पगारी, पूर्णवेळ आणि फक्त बचावाचे काम करणारे आहेत. सरकारी वकिलाच्या तोडीची संस्था आरोपीच्या बाजूने उभी करण्याचा देशातला हा पहिला मोठा प्रयत्न आहे. ती कार्यालये मनुष्यबळ आणि पैसा यांवाचून वाळली, तर आपण पुन्हा वकिलाविना खटल्याकडेच जाऊ.

म्हणून वाचकांनी एवढे लक्षात ठेवावे. कोठडीत असलेली कोणतीही व्यक्ती, तसेच महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. धुळे आणि जळगावच्या जिल्हा न्यायालयांत जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय आहे आणि १५१०० हा देशभराचा मदत क्रमांक आहे. तुमच्या गावातल्या कुणाला पोलिसांनी नेले, तर तो दोषी की निर्दोष हे चावडीवर ठरवत बसू नका. त्याच्या घरच्यांना हा क्रमांक द्या.